बायजीचा राब

२ मार्च

डायऱ्या वाटून आठ दिवस झाले. रोज कुठून काय माल आणला ते लिहायचं, असा कंपनीचा हुकूम आहे. माल दोन ओळींत संपतो आणि पान तर मोठं आहे, म्हणून उरलेल्या जागेत माझं लिहितो. मोहनसाहेब डायरी तपासतात, पण दोन ओळींच्या पुढं जात नाहीत, हे मी ओळखलंय.

मी व्यंकट, लातूरजवळच्या औशाकडचा. सातवीत शाळा सुटली. त्यानंतर डाळमिल, पुण्यातलं हॉटेल, चाकण, वापी, अशी दहा वर्षांत सहा कामं झाली. आई म्हणते पायाला भिंगरी आहे. मी म्हणतो कामं चांगली नव्हती. हे तलासरीचं काम बरं आहे, कारण यात फिरायचाच पगार आहे. ट्रॅक्टर घेऊन गावोगाव जायचं. भाताचा पेंढा, वाळकं गवत, चिकूच्या वाडीतला पाला, जे पडून असेल ते भरून आणायचं. कंपनी त्याचं इथेनॉल करते आणि ते पेट्रोलमध्ये जातं. ट्रॉलीच्या मागं रंगवलंय, ‘जाळू नका, आम्हाला द्या.’

उन्हाळा काढतो, मग बघू.

५ मार्च

लॅबमधल्या मुक्ता मॅडमनी आज आम्हाला समजावून सांगितलं. पेंढ्यात साखर असते, पण ती कुलूपबंद असते. कंपनी ते कुलूप उघडते, मग साखर आंबवते, मग त्याचं इथेनॉल.

मी उसाच्या मुलखातला. साखर कशात असते ते मला सांगायचं काम नाही. तरी येताना पेंढ्याची एक काडी तोंडात टाकली. अर्धा तास चावली. लाहूमामा ट्रॅक्टर चालवत होता. त्यानं माझ्याकडं दोनदा बघितलं आणि विचारलं, “दूध कधी देणार?”

लाहूमामा कैनाडचा, पन्नाशीचा. डहाणू आणि तलासरी तालुक्यातला प्रत्येक पाडा त्याला माहीत आहे. कुठं काय मिळेल तो सांगतो, भरायचं काम माझं. बोलतो कमी. पण बोलला की मला दिवसभर पुरतं.

१२ मार्च

पेंढा संपला. इथले लोक पेंढा जनावरांना घालतात आणि गवत मुंबईच्या तबेल्यांना विकतात. आमच्यासाठी काय राहतं, तर ट्रॉलीवरची रंगवलेली पाटी.

एका रिटायर गुरुजींनी थांबवून चौकशी केली. “म्हणजे शेवटी दारूच की. पिऊन बघितली का कोणी?” लाहूमामा म्हणाला, “गुरुजी, तुमचीच वाट बघतोय.” गुरुजींनी चहा पाजला, पेंढा दिला नाही.

लाहूमामा होळीला घरी गेला. पाच दिवस येणार नाही. मोहनसाहेब म्हणाले, “होळी त्याची आहे, टार्गेटची नाही.”

१४ मार्च

आज मी कमाल केली.

एकटाच ट्रॅक्टर घेऊन कैनाडकडं गेलो. नाल्याच्या पलीकडं तीन-चार गुंठ्यांचा एक तुकडा, आणि त्यावर वाळका पाला, काटक्या, पेंढा असं सगळं गादीसारखं पसरून ठेवलेलं. उन्हात मस्त वाळलेलं. जवळ एक माणूस नाही. सगळे होळीत. महिनाभर मी आणि लाहूमामा इथून जातोय आणि त्याला हे एकदाही दिसलं नाही. असलं हेरायला नजर असावी लागते.

वरून कोणीतरी माती टाकून ठेवली होती आणि खाली शेण होतं. इथली माणसं साधी आहेत, पण टापटीप नाही. शेण दाताळ्यानं जमेल तेवढं बाजूला सारलं आणि ट्रॉली शिगोशीग भरली. फुकट न्यायचं नाही म्हणून रानाच्या मधोमध काठी रोवून चिठ्ठी लावली. ‘आपल्या शेतातील कचरा कंपनीने नेला आहे. आपले सहकार्य देशाच्या कामी येईल. — व्यंकट.’ खाली फोन नंबर दिला. अक्षर झकास आलं.

शेजारी आणखी दोन तुकडे तसेच आहेत. ते उद्या.

१५ मार्च

सकाळी मोहनसाहेबांनी सगळ्यांसमोर पाठ थोपटली. दुपारी मशीन अडकलं. आतून माती निघाली, शेण निघालं, एक फुटका माठ निघाला. मुक्ता मॅडम म्हणाल्या, “हे कोणी आणलं? याचं इथेनॉल नाही, वीट होईल.” सगळा माल बॉयलरमध्ये जाळायला पाठवला. मी दिवसभर मशीन खरवडत बसलो, त्यामुळं ते दोन तुकडे राहिले.

१८ मार्च

लाहूमामा आला. चहा घेतला. मग खिशातून कागद काढला.

“हे अक्षर तुझं?”

“हो. चांगलं आहे ना?”

“चांगलं आहे. पाड्यातल्या सगळ्यांनी वाचलं.”

मग त्यानं सांगितलं. तो कचरा नव्हता, राब होता. खाली शेण, त्यावर झाडाचा टाहळ, पाला, पेंढा आणि वरून माती असे थर लावायचे. उन्हाळ्यात तो पेटवायचा. त्या भाजलेल्या जमिनीत भाताचं बी टाकायचं, त्याचं रोप येतं आणि ते उपटून शेतात लावायचं. राब नाही तर रोप नाही, रोप नाही तर भात नाही. मी ज्याचा उचलला ती बायजी, लाहूमामाची मोठी बहीण. नवरा नाही. हिवाळाभर डोक्यावर पाट्या वाहून तिनं तो लावला होता. वर्षाचं खाणं त्यातनंच यायचं.

आधी पाड्याला वाटलं, शेजारच्या पाड्यानं होळीसाठी चोरला. दोन्ही पाडे काठ्या घेऊन समोरासमोर आले. तेवढ्यात बायजीच्या मुलीनं, संगितानं, काठीवरची चिठ्ठी काढून मोठ्यानं वाचली. भांडण तिथंच मिटलं. “दोन्हीकडचे एकत्र हसले,” लाहूमामा म्हणाला. “बायजी सोडून.”

मी म्हणालो, “पण ती जाळणारच होती ना? आम्हीपण जाळलाच.”

लाहूमामानं कप खाली ठेवला. “हे तिच्यापुढं बोलू नको.”

आमच्याकडं पाचट जाळतात, तुराट्या चुलीत घालतात. जमीन कोणी भाजत नाही. मला कसं कळणार? पण हे मी डायरीतच लिहितोय.

१९ मार्च

कैनाडला गेलो. बायजी अंगणात वालाच्या शेंगा सोलत होती. माझ्याकडं न बघता लाहूमामाला विचारलं, “हाच का देशाच्या कामाचा?”

मी वाकून पाया पडलो. खिशातले पैसे पुढं केले. तिनं नोट हातात घेतली, उलटी-सुलटी केली, आणि विचारलं, “ही पेरू?”

नोट परत दिली. म्हणाली, “राब भरून दे, पोऱ्या. होता तसा. महिन्याभरानं भाजायचाय.”

२२ मार्च

रात्रभर विचार केला आणि उपाय सापडला. राबाची शेवटी राखच करायची ना? मग तिची राख आमच्या बॉयलरखाली तयारच होती. मुक्ता मॅडमची परवानगी काढून सहा पोती भरली आणि बायजीच्या दारात उतरवली. तिचाच राब, भाजूनच घरपोच. एवढी सोय कोणती कंपनी देते?

बायजीनं मूठभर राख घेतली, वाऱ्यावर सोडली आणि म्हणाली, “चुलीत हाय माझ्या.” आणि आत गेली.

मग संगितानं सांगितलं. ही बारावी शिकलेली आहे, घोलवडला चिकूच्या पॅकिंगला जाते. “राखेसाठी भाजत नाहीत हो, पेट्रोलवाले. खालची जमीन भाजायची असते. गवताचं बी मरतं, माती भुसभुशीत होते, मग रोप सुखानं वर येतं.”

“मग शेण कशाला?”

“जाळ धरून ठेवायला. नुसता पेंढा भडकतो आणि लगेच विझतो. काही माणसं असतात तसा.”

कोणती माणसं, असं मी विचारलं. ती हंडा घेऊन पाण्याला गेली. एकदम तहान लागली असेल.

३० मार्च

रोज ड्युटीच्या आधी दोन तास आणि नंतर दोन तास कैनाडला. लाहूमामाची मोटारसायकल घेतो. पहिल्या दिवशी झाडावर टाहळ तोडायला चढलो आणि वरच अडकलो. संगितानं खालून विचारलं, “लातूरला झाडं नसतात का?” आहेत, पण त्यांच्यावर चढायला कोणी सांगत नाही.

थर लावायलाही शिकावं लागतं. शेण हातानं फोडून सारखं पसरायचं, कुठं जाड नाही, कुठं पातळ नाही. बायजी बांधावर बसून बघते. काल म्हणाली, “कोपऱ्यात कोंबडी बसवायची हाय का? एवढा ढीग?” सगळं उपसून परत लावलं.

राबाचे नियम पुष्कळ आहेत. राब भरणाऱ्यानं त्या घरचं कोंबड्यांचं खुराडं नीट करून द्यायचं असतं, असं बायजी म्हणाली. ते केलं. लाहूमामाला सांगितलं तर त्याला ठसका लागला.

९ एप्रिल

राबाच्या आधी घराची कौलं फिरवावी लागतात. पावसाळ्यापूर्वी नाही, राबापूर्वी. प्रथाच आहे. दोन दिवस छपरावर होतो. वरून खालची सगळी शेतं दिसतात. संगिता खालून एकेक कौल वर देत होती. हाताला हात लागायचा, मग एक कौल फुटलं. माझ्या हातून फुटलं की तिच्या, ते ठरलं नाही. बायजीनं माझ्या नावावर टाकलं.

काम झाल्यावर जेवून जायचं, हाही नियम. तांदळाची भाकरी आणि सुक्या बोंबलाचं कालवण. आमच्याकडची ज्वारीची भाकरी चांगली, पण तसं बोललो नाही. तीन खाल्ल्या.

२० एप्रिल

आता बांधाकडची दोन हात रुंद पट्टी तेवढी राहिली आणि शेण संपलं. पाड्यात विचारलं, तर सगळ्यांचं ज्याच्या त्याच्या राबात गेलेलं. एक म्हातारा म्हणाला, “होतं की तिथं. तू दाताळ्यानं बाजूला सारलंस ते कुत्र्यांनी उधळलं.”

संध्याकाळी संगिता आणि बायजी महालक्ष्मीच्या जत्रेला जाणार होत्या. मला ‘येतोस तर ये’ म्हणाल्या. शेणासाठी अजून दोन पाडे फिरलो असतो तर जत्रा बुडली असती. म्हणून यार्डातला थोडा पेंढा आणला, त्या पट्टीत खाली दाबला, वर टाहळ, वर माती. वरून सगळं सारखंच दिसतं. मला सोडून कोणाला कळणार नाही.

जत्रा चांगली होती. पाळण्यात बसलो. संगिता ओरडली नाही. मी थोडा ओरडलो.

२९ एप्रिल

आज राब भाजला.

सकाळी, वारा पडलेला असताना. लाहूमामानं आधी ट्रॉलीवरच्या ‘जाळू नका’वर गोणपाट बांधलं. म्हणाला, “तिनं वाचू नये.” मला वाटलं होतं मोठा भडका होईल. झालं उलटंच. राब पेटत नाही, धुमसतो. निळा धूर जमिनीलगत सरकतो आणि आग त्याच्याखाली मुंगीच्या पावलानं चालते. मी काडीनं उकरायला गेलो तर बायजीनं हातावर फटका दिला. “त्याला घाई नाय. तुला असंल तर जाय.”

गेलो नाही. चार तास उभा होतो. एका जागी चार तास मी आधी कधी उभा राहिलो होतो, ते आठवत नाही.

शेवटी आग बांधाकडं आली. ती पट्टी भप्पकन् पेटली, पिवळा जाळ कमरेएवढा झाला आणि दोन मिनिटांत संपला. बायजी काठीवर हनुवटी टेकून बघत होती. म्हणाली, “बांधाकडं हवा हाय वाटतं.”

हवा अजिबात नव्हती. पण तिला वाटली तर बरंच झालं.

१० जून

बायजीनं भाजलेल्या जमिनीत बी टाकलं. कंपनीत माल कमी झाला आहे, कामही कमी. वापीतला माझा जुना सोबती आता सुरतेला असतो. त्याचा फोन आला, कपड्याच्या मिलमध्ये जागा आहे, पगार जास्त, जुलैमध्ये ये. मी हो म्हणालो. राब भरून झाला, माझं काम संपलं.

संगिताला सांगितलं. ती म्हणाली, “सुरत छान आहे.” परत विचारलं तर परत तेच म्हणाली.

आणखी एक. कौलं फिरवणं आणि खुराडं राबात येत नाही, हे आज कळलं. लाहूमामाला विचारलं, आधी का नाही सांगितलं? म्हणाला, “तू विचारलंस कुठं? तू शिकत होतास.”

२७ जून

सगळं रोप हिरवंगार आलंय, वीतभर, दाट. बांधाकडची पट्टी सोडून. तिथं गवत माजलंय आणि मधूनच पिवळी रोपं, आजारी माणसासारखी. पट्टी इतकी सरळ दिसते की दोरी लावून आखल्यासारखी. पाड्यातले येता-जाता थांबतात. तिला नावही पडलं, ‘कंपनीची पट्टी’.

बायजी म्हणाली, “व्हतं असं कधी कधी.”

रात्री जेवण गेलं नाही. आठ तारखेला आवणी आहे, म्हणजे रोप उपटून शेतात लावायचं. नऊला सुरतेची गाडी.

८ जुलै

आवणीला गेलो. कंबर राहिली नाही. रोपांच्या जुड्या हातात घेऊन चिखलात उलटं सरकत लावायचं. संगिता तीन ओळी लावते तेव्हा माझी एक होते, तीही वाकडी. दुपारी रोप संपलं. शेताचा एक कोपरा रिकामा राहिला, नुसतं पाणी. वीसेक पावलांचा. बायजीनं त्या कोपऱ्याकडं बघितलं आणि हात धुवायला वळली. तेव्हा माझ्यानं राहवलं नाही.

“मावशी, त्या पट्टीत शेण नव्हतं. मी पेंढा दडपला होता. जत्रेच्या दिवशी.”

“मला ठाव हाय.”

“कधीपासून?”

“जाळ पिवळा आला तवापासून. शेणाला निळा धूर येतो.”

“मग बोलली का नाहीस?”

“मी बोलून काय झालं असतं? पट्टी भाजली असती?” मग म्हणाली, “कोपरा रिकामा ठेवायचा नाय. पाड्यात ज्याचं रोप उरलं असंल त्याच्याकडं जा. मागताना का कमी पडलं ते सांगायचं. माझं नाव सांगायचं नाय, तुझं सांगायचं.”

सात घरी गेलो. सातही ठिकाणी सगळं सांगितलं, शेण, पेंढा, जत्रा, पाळणासुद्धा. पहिल्या घरी घाम फुटला. तिसऱ्या घरी कळलं की यांना एप्रिलपासून माहीत आहे, फक्त माझ्या तोंडून ऐकायचं होतं. एका आजीनं तर मला थांबवून सुनेला बाहेर बोलावलं आणि म्हणाली, “आता परत पहिल्यापासून सांग.” शेणवाल्या म्हाताऱ्यानं विचारलं, “चिठ्ठी ठेवून जाणार का?” पण सगळ्यांनी जुड्या दिल्या. रिकाम्या हातानं कोणी पाठवलं नाही.

संध्याकाळपर्यंत कोपरा लावून झाला. मी बांधावर बसलो होतो, तेव्हा बायजी हसायला लागली. चार महिन्यांत पहिल्यांदा. लाहूमामा हसला, मग संगिता. काय झालं विचारलं तर कोणी सांगेना.

शेवटी लाहूमामा म्हणाला, “अरे, रोप कोणाकडून कोणतं आणलंस ते बघितलंस का? कोणाचं हळवं, कोणाचं निमगरवं, कोणाचं गरवं. हळवं दसऱ्याला पिकणार, निमगरवं दिवाळीच्या आधी, गरवं त्यानंतर. सगळं कालवून लावलंस.”

“मग?”

“मग काय,” बायजी म्हणाली, “आख्खं शेत एकदा कापायचं. तुझा कोपरा तीनदा. एकेक रोप निवडून. मी म्हातारी, माझ्यानं ते व्हायचं नाय.”

९ जुलै

सुरतेच्या सोबत्याला फोन केला. सांगितलं, तीन कापण्या आहेत, जमणार नाही. तो म्हणाला, शेत घेतलंस का? मी म्हणालो, नाही, एक कोपरा आहे. त्याला काही समजलं नाही.

मोहनसाहेबांना सांगितलं, काम कमी असलं तरी मी थांबतो. त्यांनी माझ्या कपाळाला हात लावून बघितला.

दुपारी आईचा फोन आला. सुरतेला पोचलास का विचारत होती. मी तिला म्हातारीचा राब, माझा कोपरा, सगळं नीट समजावलं. हळवं आधी, मग निमगरवं, मग गरवं. तोवर इथून हलता येत नाही. आणि शेवटची कापणी होते तेव्हा पुढच्या राबाचं शेण साठवायला सुरुवात करावी लागते. ते एकदा सुरू झालं की मध्ये सोडून जाणं बरं नाही. इथं तशी पद्धतच आहे. तेवढं झालं की येतो.

आईनं सगळं ऐकून घेतलं. मग तिनं विचारलं, “नाव काय तिचं?”

मी म्हणालो, “बायजी.”

“ती म्हातारी झाली,” आई म्हणाली. “पोरीचं नाव विचारतेय.”

मी पोरीबद्दल एक अक्षर बोललो नव्हतो. आईला कुठून काय सुचतं, देव जाणे. सांगितलं मग, संगिता म्हणून.